कोरियन तारे, रुपेरी पडदा आणि जमाखर्च

१२ मार्च २०२२ रोजी दक्षिण कोरियाची राजधानी सोल येथील ऑलिंपिक स्टेडियममध्ये एक विलक्षण मैफल झाली. सुमारे सत्तर हजार आसनांच्या त्या क्रीडांगणात केवळ १५,००० श्रोत्यांना प्रवेश होता. महासाथीचे निर्बंध अद्याप उठलेले नव्हते. ओरडायचे नाही, उभे राहायचे नाही, गाण्यात सूर मिसळायचा नाही, अशी सक्त ताकीद होती. श्रोत्यांनी मुकाट बसून हातांतील कागदी साधनांचा टाळीसारखा आवाज तेवढा करायचा. रंगमंचावर होते बीटीएस या गायकवृंदाचे सात तरुण. एरवी ज्यांच्या नुसत्या दर्शनाने कानठळ्या बसतील असा कल्लोळ उठतो, ते त्या रात्री जवळपास मूक समुदायासमोर गात-नाचत होते.

कल्लोळ झाला तो अन्यत्र. त्याच वेळी ७५ देशांतील ३,७११ चित्रपटगृहांत ही मैफल थेट दाखवली जात होती, आणि तेथे निर्बंध सैल असल्याने प्रेक्षक मनसोक्त गात होते. एका दिवसाच्या या खेळाने सुमारे ३ कोटी २६ लाख डॉलर जमवले. तेव्हाच्या विनिमय दराने हे अडीचशे कोटी रुपयांच्या घरात जाते. तीन दिवसांच्या मैफलीत क्रीडांगणात प्रत्यक्ष बसलेले श्रोते ४५,०००, तर त्या एका दिवशी चित्रपटगृहांत बसलेले सुमारे १४ लाख. क्रीडांगण, रोषणाई, वादक, सुरक्षारक्षक यांचा खर्च मैफलीसाठी झालेलाच होता. त्यावर कॅमेरे, उपग्रह आणि चित्रपटगृहांचा वाटा एवढाच वाढीव खर्च. व्यापारी घरात वाढलेल्या माणसाला याहून अधिक समजावून सांगण्याची गरज नाही.

घरातील मुली खोलीच्या भिंतीवर ज्यांची चित्रे लावतात, त्या कोरियन गायकांविषयी वडीलधाऱ्यांचे मत बहुधा एका वाक्यात आटोपते: रंगवलेले केस, न कळणारी भाषा आणि वाया जाणारा वेळ. केसांचे रंग खरेच फार आहेत. परंतु या गायकांवर गेल्या दहा-बारा वर्षांत जे माहितीपट आणि मैफलपट निघाले, ते निराळ्या दृष्टीने पाहण्याजोगे आहेत. एक माणूस अकरा-बाराव्या वर्षी एखाद्या पेढीत उमेदवार म्हणून शिरतो, घडवला जातो, विकला जातो, थकतो, आणि हे सारे चित्रित होऊन पुन्हा विकले जाते, याचा दुसरा इतका तपशीलवार दस्तऐवज सापडणे कठीण आहे.

हा मार्ग कोरियन कंपन्यांनी शोधलेला नाही. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराने ३० डिसेंबर २००६ रोजी आपला प्रयोग चित्रपटगृहांत थेट दाखवण्यास प्रारंभ केला; पुढे २००९ पासून लंडनच्या नॅशनल थिएटरची नाटकेही तशीच दिसू लागली. चित्रपटगृहाची खुर्ची हा नाशवंत माल आहे. आज रिकामी गेलेली खुर्ची उद्या दोनदा विकता येत नाही. आठवड्याच्या मधल्या दिवशी रिकाम्या पडणाऱ्या खुर्च्या एका विशिष्ट रसिकवर्गाला एखाददुसऱ्या दिवसापुरत्या चढ्या दराने विकाव्यात, हे या प्रासंगिक खेळांमागील गणित. ऑपेराचा रसिक वयस्क आणि सधन. कोरियन संगीताचा रसिक तरुण, खिशाने बेताचा, पण तोच खेळ तीनतीनदा पाहणारा. लंडनस्थित ट्रफॅल्गर रिलीझिंग या वितरण संस्थेने हा फरक ओळखला. १५ नोव्हेंबर २०१८ रोजी तिने बीटीएसचा ‘बर्न द स्टेज’ हा चित्रपट जगभर मोजक्या दिवसांसाठी लावला. त्याने सुमारे २ कोटी डॉलर मिळवले आणि वन डायरेक्शन या ब्रिटिश वृंदाच्या २०१४ मधील मैफलपटाचा विक्रम मागे टाकला. मग दर वर्षी नवा चित्रपट आला. जानेवारी २०१९ मध्ये ‘लव्ह युअरसेल्फ इन सोल’, त्याच ऑगस्टमध्ये ‘ब्रिंग द सोल’, २०२० मध्ये ‘ब्रेक द सायलेन्स’. भारतातील महानगरांच्या बहुपडदा चित्रपटगृहांतही असे खेळ लागू लागले. हातातील दिव्याच्या कांड्या हलवीत, पडद्याकडे पाहून कोरियन शब्द बिनचूक म्हणणाऱ्या मुली पाहून तेथील द्वारपाल प्रथम गोंधळले असतील तर नवल नाही.

दरम्यान तंत्रही बदलले. सीजे या कोरियन उद्योगसमूहाकडे चित्रपटगृहांची मोठी साखळी आहे आणि त्याच समूहातील एका कंपनीने समोरच्या पडद्याबरोबर दोन्ही बाजूंच्या भिंतींवरही चित्र दाखवण्याची ‘स्क्रीन-एक्स’ पद्धत विकसित केली. मैफलपट या पद्धतीला चपखल बसतो. कथापटात भिंतीवर काय दाखवायचे हा प्रश्न पडतो. येथे रंगमंचच तेवढा रुंद असतो. ब्लॅकपिंक या चार मुलींच्या वृंदाने पदार्पणाची पाच वर्षे साजरी करताना ऑगस्ट २०२१ मध्ये काढलेला चित्रपट असाच तीन भिंतींवर पसरला.

तथापि या चित्रपटांतील खरा ऐवज रोषणाईच्या मागे आहे, आणि त्यासाठी थोडे मागे, २०१२ पर्यंत जावे लागते.

त्या वर्षी जूनमध्ये कोरियात ‘आय अ‍ॅम’ नावाचा माहितीपट प्रदर्शित झाला. एसएम एंटरटेनमेंट या जुन्या कंपनीच्या कलावंतांनी ऑक्टोबर २०११ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये मैफल केली होती, ती या चित्रपटाची निमित्तभूत घटना. परंतु प्रेक्षकांना हलवून सोडले ते कंपनीच्या संग्रहातील जुन्या फितींनी. आज हजारोंसमोर गाणारे हे तारे दहा-बारा वर्षांचे असताना निवड चाचणीला आले, तेव्हाचे त्यांचे घाबरे चेहरे, कापरा आवाज, चुकलेली पावले, सारे कंपनीने चित्रित करून जपून ठेवले होते. ज्या मुलाचे पुढे काय होणार हे कोणालाच ठाऊक नाही, त्याची फीत पहिल्या दिवसापासून सांभाळायची, ही दूरदृष्टी अचंबा वाटावा अशी आहे. गुदामात पडून राहिलेला जुना माल वर्षागणिक महाग होत जावा, तसे या फितींचे झाले.

त्याच वर्षी अ‍ॅमस्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात एक अगदी निराळा कोरियन चित्रपट दाखवला गेला. ‘नाइन म्यूझेस ऑफ स्टार एम्पायर’ हे त्याचे नाव. दिग्दर्शक ली हाक-जुन हे मूळचे पत्रकार. स्टार एम्पायर ही कंपनी नऊ मुलींचा एक वृंद बाजारात आणू पाहत होती. २०१० च्या त्या पदार्पणाच्या आगेमागे सुमारे वर्षभर दिग्दर्शकाने कॅमेरा घेऊन त्यांच्याबरोबर दिवस काढले. पडद्यावर दिसते ते असे: तालीम, पुन्हा तालीम, व्यवस्थापकांची खरडपट्टी, रडणे, आपसांतील धुसफूस, अपेक्षेपेक्षा थंड पदार्पण, आणि मध्येच वृंद सोडून जाणारी मुलगी. विशेष म्हणजे व्यवस्थापकही येथे निव्वळ खलपुरुष दिसत नाहीत. त्यांच्याही डोक्यावर गुंतवलेल्या पैशाचा ताण आहे, आणि तो ताण वरून खाली झिरपत शेवटी सर्वांत लहान मुलीपाशी येऊन थांबतो. तेजी-मंदी पाहिलेल्या कोणत्याही दुकानदाराला हा झिरपा ओळखीचा वाटेल.

एकाच वर्षातील हे दोन चित्रपट शेजारी ठेवले की एक भेद स्पष्ट होतो. पहिल्यात कॅमेरा कंपनीचा आहे. दुसऱ्यात बाहेरच्या माणसाचा. पहिल्यात कष्ट आहेत, पण ते सारे यशाच्या दिशेने नेणारे आहेत. दुसऱ्यातील कष्टांना पुढे फळ येईल की नाही, हे चित्रीकरण करणाऱ्यालाही माहीत नाही. त्यानंतर जगभर गाजलेले बहुतेक चित्रपट पहिल्या जातीचे आहेत. रोजमेळ लिहिणारा आणि तो तपासणारा एकच असेल, तर वही खोटीच असते असे नाही. मात्र तीत काय लिहिले आहे याबरोबरच काय लिहिलेले नाही हेही पाहावे लागते.

बीटीएसच्या प्रवासपटांचे उदाहरण घ्यावे. त्यांत दुखणी लपवलेली नाहीत. २०१७ च्या जगप्रवासात चिली देशातील मैफलीनंतर सर्वांत धाकटा जंगकुक पडद्यामागे कोसळतो, हे ‘बर्न द स्टेज’ मालिकेत दिसते. ऑक्टोबर २०१८ मध्ये लंडनच्या पहिल्या मैफलीपूर्वी त्याच्या टाचेला जखम होते. नाच बंद, संपूर्ण मैफल खुर्चीवर बसून. त्या रात्रीचे त्याचे अश्रू ‘ब्रिंग द सोल’मध्ये आहेत. त्याच चित्रपटात पॅरिसमध्ये प्रवास संपल्यावर सातही जण एका इमारतीच्या गच्चीवर जेवायला बसतात आणि मोकळेपणी बोलतात. ‘ब्रेक द सायलेन्स’मध्ये लंडनच्या वेम्बली स्टेडियमपर्यंत पोहोचलेले हे तरुण रंगमंचावरील नाव आणि आईवडिलांनी ठेवलेले नाव यांतील अंतराविषयी सांगतात. यांतील भावना बनावट आहेत असे म्हणणे अन्यायाचे होईल. थकवा थकवाच आहे. पण मैफली किती ठेवायच्या, दोन मैफलींत अंतर किती, हे कोण ठरवते? मुलगा कोसळला त्या दिवशी दुसऱ्या दिवसाची मैफल पुढे ढकलण्याची चर्चा झाली का? उत्पन्नाची वाटणी कशी? या प्रश्नांच्या जवळ कॅमेरा जात नाही. वेदना दाखवली जाते. वेळापत्रक ठरवणाऱ्यांची बैठक दाखवली जात नाही.

वाटणीचा विषय निघालाच आहे, तर उमेदवारीची पद्धत समजून घेणे इष्ट. कोरियन कंपन्या मुलांना लहान वयात निवडतात. गायन, नृत्य, परकीय भाषा, बोलणे-चालणे यांचे शिक्षण देतात. अनेकदा राहण्या-जेवण्याची सोयही करतात. पदार्पण होईलच याची शाश्वती नसते. अनेक कंपन्यांत हा सारा खर्च मुलाच्या नावे मांडला जातो आणि पुढे कमाई सुरू झाल्यावर प्रथम तो वळता होतो, मगच हातात रक्कम पडते. आपल्याकडील जुन्या उचल पद्धतीशी याचे साम्य आहे. करारांच्या मुदती एके काळी फार लांब असत. २००९ मध्ये टीव्हीएक्सक्यू या अतिशय लोकप्रिय वृंदातील तिघांनी आपल्या १३ वर्षांच्या करारांविरुद्ध न्यायालयात धाव घेतली. त्याच वर्षी कोरियाच्या व्यापारस्पर्धा नियामक आयोगाने नमुना करार आणून मुदत सात वर्षांवर आणली. तेव्हापासून सातवे वर्ष हे या धंद्यात अवघड वळण मानले जाते. पुढे कायद्यात दुरुस्ती होऊन कंपनीने कलावंताला वर्षातून किमान एकदा हिशेब दाखवलाच पाहिजे, अशी तरतूद झाली. असा हिशेब मागण्यासाठी कायदा करावा लागावा, यातच सर्व आले.

उमेदवारीचे सर्वांत स्पष्ट वर्णन ‘ब्लॅकपिंक: लाइट अप द स्काय’ या चित्रपटात मिळते. कोरियन संगीतावर नेटफ्लिक्सने काढलेला हा पहिला माहितीपट १४ ऑक्टोबर २०२० रोजी आला. दिग्दर्शिका कॅरोलाइन सू अमेरिकन. त्यापूर्वी त्यांचे नाव झाले होते ते स्वयंपाकावरील एका मालिकेमुळे. चौघी मुलींची पार्श्वभूमी भिन्न आहे. जिसू कोरियातील, जेनी कोरियन पण न्यूझीलंडमध्ये शिकलेली, रोझे ऑस्ट्रेलियात वाढलेली, लिसा थायलंडची. चार ते सहा वर्षे त्या उमेदवार होत्या. दर महिन्याला परीक्षा. जिचे बरे झाले नाही तिने सामान बांधायचे. ज्या मैत्रिणीशी काल रात्री खोलीत गप्पा मारल्या ती आज घरी परत जाते, आणि आपण राहिलो याचा आनंद मानावा की दुःख, हे कळण्याचे ते वय नव्हते. घरापासून दूर, सणवार चुकवत गेलेल्या त्या वर्षांविषयी चौघी बोलतात तेव्हा सूर तक्रारीचा नसतो. वसतिगृहात राहून सनदी लेखापालाच्या परीक्षेसाठी तीन-चार वर्षे खपलेली मुलेमुली ज्या घरांत आहेत, तेथे तो सूर बरोबर ओळखला जाईल.

याच चौघींचा ‘बॉर्न पिंक’ हा मैफलपट जुलै २०२४ च्या अखेरीस आला. त्यातील मैफल सप्टेंबर २०२३ मध्ये सोलच्या गोचोक स्काय डोममध्ये झाली होती. चित्रपटात याचा उच्चार नाही, पण जाणता प्रेक्षक तारखा जुळवून पाहतो: चौघींची सात वर्षे नुकतीच भरली होती, आणि पुढील कराराची घोषणा डिसेंबर उजाडेपर्यंत झाली नाही. म्हणजे पडद्यावर ज्या मुली एकमेकींना मिठी मारून श्रोत्यांचा निरोप घेत आहेत, त्यांचा कंपनीशी असलेला पुढचा व्यवहार त्या क्षणी जगाला अज्ञात होता. पुढे वृंद म्हणून करार झाला. एकल कामासाठी मात्र प्रत्येकीने आपला मार्ग वेगळा केला.

आता जून २०२२ मधील एका जेवणाकडे वळावे लागेल. चित्रपटगृहात न लागलेली ही चित्रफीत या साऱ्या प्रकरणातील सर्वांत बोलकी आहे.

बीटीएसचे पदार्पण १३ जून २०१३ चे. त्या सुमारास सातही जणांच्या एकत्र जेवणाचे चित्रण चाहत्यांसाठी प्रसिद्ध होत असे. १४ जून २०२२ च्या रात्री आलेल्या अशाच तासाभराच्या फितीत वृंदाचा नायक आरएम, म्हणजे किम नामजून, बोलता बोलता मनातले बोलून गेला. या व्यवसायात माणसाला परिपक्व व्हायला वेळच मिळत नाही, सतत काही ना काही निर्माण करीत राहावे लागते, आपला वृंद आता कोणत्या दिशेने चालला आहे हेच उमजेनासे झाले आहे, अशा आशयाचे ते बोलणे होते. काही काळ एकत्र काम थांबवून प्रत्येकाने स्वतःचे काम करावे, असा सूर निघाला. काही जणांचे डोळे पाणावले.

दुसऱ्या दिवशी सोलचा शेअर बाजार उघडला आणि हाइब या त्यांच्या कंपनीचा समभाग एका दिवसात सुमारे २५ टक्क्यांनी कोसळला. कंपनीने घाईघाईने खुलासा केला की वृंद थांबलेला नाही.

त्यामागील आकडे पाहिले म्हणजे ही घसरण समजते. बिग हिट एंटरटेनमेंट हे जुने नाव असलेली ही कंपनी १५ ऑक्टोबर २०२० रोजी बाजारात सूचिबद्ध झाली. विक्रीचा भाव १,३५,००० वॉन. पहिल्याच दिवशी तो दुपटीने उघडला. संस्थापक बँग सी-ह्युक यांनी सातही गायकांना प्रत्येकी ६८,३८५ समभाग आधीच दिलेले होते, ही गोष्ट त्यांच्या श्रेयाची. परंतु त्या वेळच्या माहितीपत्रकात हेही नमूद होते की २०१९ च्या उत्पन्नापैकी सुमारे ९७ टक्के उत्पन्न या एकाच वृंदाचे होते. एकाच ग्राहकावर किंवा एकाच पुरवठादारावर चालणाऱ्या धंद्याला कर्ज देताना कोणतीही बँक दहा वेळा विचार करते. येथे पुरवठादार होती सात हाडामांसाची माणसे. त्यांची झोप, त्यांचे गुडघे, त्यांची मनःस्थिती, आणि त्यांचे वय. कोरियात सुदृढ पुरुषाला सुमारे दीड वर्ष सैन्यसेवा अनिवार्य आहे, आणि ज्येष्ठ सदस्य जिन तिशीला टेकला होता. ताटावर बसून आपण दमलो आहोत असे सांगितले तर हजारो भागधारकांचे पैसे बुडतात, हे ज्याला कळले आहे, तो पुढच्या वेळी कॅमेऱ्यासमोर काय बोलेल? यानंतरचा प्रत्येक माहितीपट पाहताना हा प्रश्न मनात ठेवावा लागतो.

१५ ऑक्टोबर २०२२ रोजी सातही जण बुसान शहरात विनामूल्य गायले. २०३० चे जागतिक प्रदर्शन बुसानला मिळावे यासाठी ती मैफल होती. (ते पुढे सौदी अरेबियाच्या रियाधला मिळाले.) दोनच दिवसांनी सैन्यसेवेची घोषणा झाली. डिसेंबरमध्ये जिन छावणीत दाखल झाला. आणि १ फेब्रुवारी २०२३ पासून जगभरच्या चित्रपटगृहांत ‘यट टू कम’ या नावाने तीच बुसानची मैफल लागली. प्रेक्षक टाळ्या वाजवीत होते तेव्हा पडद्यावरील ज्येष्ठ गायक केस कापून सैनिकी गणवेशात उभा होता.

पुढील दोन वर्षांत एकामागून एक सदस्य सैन्यात गेले आणि तितक्याच नियमाने चित्रपट येत राहिले. फेब्रुवारी २०२३ मध्ये जे-होपवर, एप्रिलमध्ये सुगावर, डिसेंबरमध्ये संपूर्ण वृंदाच्या वाटचालीवर आठ भागांची मालिका. एप्रिल २०२४ मध्ये सुगाची मैफल, सप्टेंबरमध्ये जंगकुकचा ‘आय अ‍ॅम स्टिल’. दुकानदार यात्रेला गेला तरी दुकानाची फळी उघडी राहावी, अशी ही व्यवस्था. यांतील पुष्कळसे काम वेळ भरून काढणारे आहे, हे चाहत्यांनीही मनोमन मान्य केले असेल.

एक मात्र वेगळा निघाला. ‘आरएम: राइट पीपल, राँग प्लेस’ हा ली सोक-जुन यांचा चित्रपट ऑक्टोबर २०२४ मध्ये बुसान आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात प्रथम दाखवला गेला आणि डिसेंबरमध्ये प्रदर्शित झाला. आरएम ११ डिसेंबर २०२३ रोजी सैन्यात गेला. त्याआधीचे सुमारे आठ महिने यात आहेत. नेहमीच्या चमूला बाजूला ठेवून, त्या झगमगाटाबाहेरील संगीतकार मित्रांना घेऊन तो आपला गीतसंग्रह तयार करतो. यात मैफलीचा जल्लोष जवळजवळ नाही. जून २०२२ च्या त्या जेवणात जे बोलणे महागात पडले होते, तेच या चित्रपटात संथपणे, घाई न करता पुढे सुरू राहते. या सर्व चित्रपटांतून घरातील वडीलधाऱ्यांनी एकच पाहायचा असेल तर हा पाहावा.

चाहत्यांची बाजू सांगणारा चित्रपट कोणत्याही कंपनीने काढलेला नाही. तो काढला ओ से-यॉन या तरुण मुलीने. शाळकरी वयात ती एका गायकाची इतकी भक्त होती की पारंपरिक पोशाखात दूरदर्शनच्या कार्यक्रमात त्याच्यासमोर जाऊन आली. काही वर्षांनी तोच गायक लैंगिक गुन्ह्यात दोषी ठरून तुरुंगात गेला. तिने कॅमेरा उचलला आणि आपल्यासारख्याच फसवल्या गेलेल्या मुलींना भेटत सुटली. २०२१ मध्ये बुसान महोत्सवात दाखवल्या गेलेल्या या चित्रपटाचे नाव ‘सोंगदोक’, म्हणजे आराध्याला प्रत्यक्ष भेटण्याचे भाग्य लाभलेला चाहता. मुली हसतात, चिडतात, जमवलेल्या तसबिरी आणि वस्तूंचे आता काय करायचे यावर वाद घालतात. त्या वस्तूंवर गेलेला खाऊचा पैसा आठवून त्यांना जितका राग येतो, त्याहून अधिक राग ज्या वयात दुसरे काही आवडून घेता आले असते ते वय गेल्याचा येतो. चित्रपट त्या गायकाला केंद्रस्थान देत नाही, हा त्याचा मोठाच विवेक.

आणि एक चित्रपट असा आहे की जो पाहिल्यावर ‘आय अ‍ॅम’ पुन्हा पाहणे कठीण होते. त्या २०१२ च्या चित्रपटात शायनी वृंदातील जोंगह्युन आहे आणि एफ-एक्स वृंदातील सुली आहे. दोघेही अगदी तरुण. जोंगह्युन डिसेंबर २०१७ मध्ये गेला, वय २७. सुली ऑक्टोबर २०१९ मध्ये गेली, वय २५. दोघांनीही स्वतःच जीवन संपवले. मृत्यूच्या वर्षीच सुलीची एक दीर्घ मुलाखत चित्रित झाली होती. ती २०२३ मध्ये बुसानला आणि त्यानंतर नेटफ्लिक्सवर लोकांसमोर आली. कोरियन नाव ‘जिन्री-एगे’, म्हणजे जिन्रीस. जिन्री हे तिचे खरे नाव, आणि कोरियन भाषेत त्या शब्दाचा अर्थ सत्य असाही होतो. दिग्दर्शक जुंग युन-सोक प्रश्न विचारतात आणि ती बराच वेळ गप्प राहते. ते मौन कापलेले नाही. लहानपणी या व्यवसायात आल्यावर, तू एक उत्पादन आहेस, लोकांसमोर सर्वोत्तम दर्जाचा माल म्हणूनच तुला राहायचे आहे, असे आपल्याला सांगण्यात आले होते, हे ती शांतपणे सांगते. मालाची परीक्षा, मालाची प्रत, मालाची पत हे शब्द बाजारपेठेत दिवसभर वापरणाऱ्यांच्या कानांनाही ते वाक्य खटकते.

हे सारे दूरदेशीचे आहे असे वाटत असेल, तर अलीकडील दोन मालिका पाहाव्यात. ऑगस्ट २०२४ मध्ये अ‍ॅपलच्या वाहिनीवर आलेल्या ‘के-पॉप आयडल्स’ या सहा भागांच्या मालिकेत ब्लॅकस्वान नावाचा वृंद आहे, आणि त्यात आहे ओडिशाची श्रिया लेंका. ओडिसी नृत्य शिकलेल्या या मुलीने टाळेबंदीच्या काळात घरूनच निवड चाचणीची फीत पाठवली. हजारो अर्जांतून ती निवडली गेली आणि मे २०२२ मध्ये वृंदात दाखल झाली. लहान कंपनी, तुटपुंजी साधने, आपसांतील रुसवेफुगवे. ब्लॅकपिंकच्या वैभवाशी याचा काही संबंध नाही. त्याच महिन्यात नेटफ्लिक्सवर ‘पॉप स्टार अकॅडमी’ ही नादिया हॉलग्रेन यांची आठ भागांची मालिका आली. हाइब आणि अमेरिकन गेफेन कंपनीने जगभरातून १,२०,००० अर्ज मागवून वीस मुली निवडल्या, लॉस एंजेलिसमध्ये कोरियन पद्धतीने तयार केल्या आणि त्यांतून सहा जणींचा कॅट्सआय हा वृंद उभा केला. त्या सहांत भारतीय वंशाची लारा राज आहे. मालिकेत एक प्रसंग असा: बरेच महिने तालीम करून झाल्यावर मुलींना कळते की अंतिम निवड जगासमोर, एकेकीला वगळत, लोकांच्या मतदानासह स्पर्धेच्या रूपाने होणार आहे. ही बातमी ऐकताना त्यांचे चेहरे कॅमेऱ्याने टिपले आहेत. त्यांतील काही मुली अद्याप शाळकरी वयाच्या होत्या.

२०२५ मध्ये हाइबने आपली भारतीय शाखा सुरू केली. तिचे कार्यालय मुंबईत आहे.